पाककृतीच्या पुस्तकात आपली चूल कुठे आहे?

गाव सोडून शिकायला शहरात आलेल्या आपल्या मुलामुलींपुढे पहिल्याच आठवड्यात उभा राहणारा प्रश्न अभ्यासाचा नसतो, जेवणाचा असतो. शासकीय वसतिगृहात नंबर लागला तर ठीक. नाही लागला तर २०१६-१७ पासून सुरू झालेल्या स्वाधार योजनेचा आधार आहे; तिचे पैसे कधी हाती पडतात हा वेगळ्या लेखाचा विषय आहे. मग तिघे-चौघे मिळून पुण्यात, नांदेडात, नागपुरात एक खोली घेतात. मेसचा डबा परवडत नाही म्हणून एक शेगडी येते, एक कुकर येतो, एक तवा येतो. ज्या मुलाने घरी पाण्याचा तांब्यासुद्धा स्वतः भरून घेतला नाही, त्याला आता भात लावायचा असतो. आईला फोन केला तर ती सांगते, "अंदाजानं पाणी घाल." आता हा अंदाज फोनवरून कसा पाठवायचा?

अशा वेळी माणूस पुस्तकाकडे वळतो. हल्ली यूट्यूबकडे वळतो, पण त्याविषयी पुढे बोलू. जिथे शिकवणारी आई, आजी, आत्या जवळ नाही, तिथे पाककृतीचे पुस्तक तिची जागा घेते. म्हणूनच हे पुस्तक कोणाच्या आईने लिहिले आहे, हा प्रश्न विचारला पाहिजे. चळवळीतल्या आपल्या लोकांनी शाळेची पाठ्यपुस्तके तपासली, इतिहासाची पुस्तके तपासली, देवळांची आणि पोथ्यांची चिकित्सा केली. स्वयंपाकघरातल्या फळीवरचे पुस्तक मात्र तपासायचे राहून गेले. ते बायकांचे काम, त्यात कसले आले राजकारण, अशी आपली समजूत असावी.

मराठीत छापील पाकशास्त्राची परंपरा जुनी आहे. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे 'सूपशास्त्र' १८७५ साली निघाले. म्हणजे जोतीरावांची 'गुलामगिरी' आणि सत्यशोधक समाज यांना तेव्हा जेमतेम दोन वर्षे झाली होती. ज्या काळात आपल्या माणसाला अक्षर शिकण्यासाठी धोंडे खावे लागत होते, त्या काळात वरच्या जातींच्या घरी पुरणपोळी कशी करावी हे छापून मिळत होते. पुढे १९१०च्या सुमारास लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणी-मित्र' आले. त्यात हजार पाकक्रिया होत्या आणि बाई पाठारे प्रभू समाजातल्या असल्याने मासे-मटणाचे पदार्थही होते. आणि १९७० साली कमलाबाई ओगले यांचे 'रुचिरा' आले. या पुस्तकाने मराठी मध्यमवर्गाच्या दोन-तीन पिढ्यांना स्वयंपाक शिकवला.

'रुचिरा'चे मोठेपण मान्य केले पाहिजे. ओगलेबाईंनी माप दिले ते वाटी आणि चमच्याचे. घरात तराजू नसलेल्या बाईलाही ते कळावे, ही त्यामागची समज होती. लग्न होऊन परगावी गेलेल्या, नोकरीच्या निमित्ताने परमुलुखात राहणाऱ्या हजारो मुलींना त्या पुस्तकाने धीर दिला. आपल्यातल्या शिकलेल्या, नोकरीला लागलेल्या, कॉलनीत राहायला गेलेल्या पहिल्या पिढीच्या घरांतही ते पोहोचले. आणि नेमके इथेच थांबून विचार करायला हवा. आपल्या घरात ते पुस्तक आले, तेव्हा काय आत आले आणि काय बाहेर गेले?

आत आला गोडा मसाला. आमटीत गूळ आणि आमसूल आले. उपासाचे पदार्थ आले, नैवेद्याचे ताट आले, त्या ताटात डावीकडे काय आणि उजवीकडे काय याचे शिक्षण आले. बाहेर गेले ते माडगे. जोंधळ्याच्या कण्या गेल्या. येसर घातलेले कालवण गेले. पाथरी, घोळ, चिघळ, तांदुळजा या रानभाज्या गेल्या. वजडी, मुंडी, पाया, रक्ती हे तर शेजाऱ्यांना वास जाईल म्हणून खिडक्या लावून करायचे पदार्थ झाले, आणि मग हळूहळू बंदच झाले. कोणी बंदी घातली नव्हती. पुस्तकात नव्हते, एवढेच.

एक गंमत पाहा. सारस्वतांच्या स्वयंपाकाचे पुस्तक निघते, सीकेपी स्वयंपाकाचे निघते, पाठारे प्रभूंचे निघते. त्यांच्यावर त्या त्या समाजाचे नाव अभिमानाने छापलेले असते. पण ज्या पुस्तकावर नुसतेच 'महाराष्ट्रीय' किंवा 'मराठमोळे' असे लिहिलेले असते, ते कोणाच्या घरचे असते? बहुतेक वेळा ते ब्राह्मणी स्वयंपाकघराचे असते, आणि त्यात थोडे कोल्हापूर, थोडे मालवण तोंडी लावण्यापुरते असते. ज्याचे नाव सांगावे लागत नाही तेच 'सर्वांचे' म्हणून मिरवते. जात अशीही चालते. अर्जुन अप्पादुराई यांनी १९८८ साली भारतातल्या पाककृतींच्या पुस्तकांवर एक गाजलेला निबंध लिहिला. शहरी मध्यमवर्ग अशा पुस्तकांतून 'राष्ट्रीय' जेवण कसे घडवतो, हे त्यांनी दाखवून दिले. त्या राष्ट्रीय ताटात आपला घास कुठे, हे मात्र आपणच विचारायचे आहे.

तो प्रश्न आपल्याकडे विचारला गेलाच नाही असे नाही. पुणे विद्यापीठातल्या क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले स्त्री अभ्यास केंद्रात शर्मिला रेगे यांनी आपल्या विद्यार्थ्यांसह दलितांच्या अन्नाच्या आठवणी आणि कृती गोळा केल्या आणि २००९ साली त्याचे इंग्रजी पुस्तक निघाले. 'हे ताट भारतीय नाही का?' असाच त्याच्या नावाचा अर्थ होतो. पुढे २०१५ साली शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' आले. मराठवाड्यातल्या महार आणि मांग समाजांचे खाणे त्यांनी मराठीत, कृतींसह, कुठलाही आडपडदा न ठेवता लिहिले. २०२४ मध्ये भूषण कोरगावकर यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद आला आणि मग इंग्रजी वर्तमानपत्रांना या पुस्तकाचे कौतुक सुचले. आपल्या किती घरांत मूळ मराठी पुस्तक आहे, हे ज्याचे त्याने आपल्या फळीवर पाहावे.

आता काही मंडळी लगेच विचारतील, आणि त्यांचा प्रश्न खरा आहे, की बाबासाहेबांनीच तर हे खाणे सोडायला सांगितले होते. मग ते लिहून का ठेवायचे?

बाबासाहेबांनी काय सोडायला सांगितले ते नीट आठवू या. १९२७च्या मार्चमध्ये महाडला कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. मेलेल्या जनावराचे मांस खाऊ नका, उष्टे-शिळे तुकडे मागून आणू नका, असे त्यांनी तिथे बजावले. पड आणि उष्टे हे दोन्ही बलुत्याचे, म्हणजे गुलामीचे मोबदले होते. ते सोडणे म्हणजे गावकीची वेठ सोडणे होते. चवीशी त्याचा संबंध नव्हता. त्याच परिषदेत, चवदार तळ्याचे पाणी प्यायल्यानंतर, गावगुंडांनी मंडपात घुसून जेवत असलेल्या लोकांना मारले आणि त्यांच्या अन्नात माती कालवली, हेही विसरू नये. आपल्या ताटात माती कालवणारे कोण आणि ताटातली घाण काढायला सांगणारा कोण, यातला फरक ज्याला कळतो त्याला बाबासाहेबांचा उपदेश कळतो. हुलग्याचे माडगे सोडा, असे बाबासाहेबांनी कुठेही सांगितलेले नाही. १९४८ सालच्या 'अस्पृश्य मूळचे कोण?' या ग्रंथात तर त्यांनी गोमांसाचा आणि अस्पृश्यतेचा संबंध इतिहासाच्या अंगाने उलगडला. खाण्याकडे लाजेने पाहणारा माणूस असा ग्रंथ लिहीत नाही.

माझे मत असे आहे की, पडीच्या मांसाची जागा आत्मचरित्रात आहे, पाककृतीच्या पुस्तकात नाही. दया पवारांच्या 'बलुतं'मध्ये, बेबीताई कांबळे यांच्या 'जिणं आमुचं'मध्ये, उर्मिला पवारांच्या 'आयदान'मध्ये भुकेचा इतिहास आहे. तो वाचायचा, लेकरांना वाचायला द्यायचा. भुकेपोटी निवडुंगाची बोंडे खाल्ली, ती कशी सोलायची हे कोणाला शिकवायची गरज नाही. पण आपल्या बायाबापड्यांनी अपुऱ्या तेलात, अपुऱ्या जळणात, निवडून-टिपून जी चव उभी केली, ती वेगळी. ती भुकेची खूण नाही, ती अक्कल आहे, कसब आहे. ते कसब मात्र शिकवले पाहिजे, कारण ते शिकवले नाही तर पंधरा-वीस वर्षांत ते जाणाऱ्या आज्यांबरोबर जाईल.

येसरचेच घ्या. खोबरे आणि काजूचे वाटण ज्यांना परवडते, त्यांच्या रश्शाला दाटपणा आपोआप येतो. आपल्याकडे बाजरी, गहू, हरभऱ्याची डाळ भाजून, त्यात धने, मिरची आणि थोडा खडा मसाला घालून दळून ठेवायचे. रटरटणाऱ्या पाण्यात दोन चमचे येसर कालवून सोडले की पावशेर मटणाचे कालवण दहा माणसांना पुरते आणि पाणचटही लागत नाही. कोणत्या कॉलेजात हे शिकवतात? वजडीचेही तसेच. चुना लावून, गरम पाण्यात बुडवून, सुरीने खरवडून ती पांढरी होईपर्यंत धुवायची, मग बारीक चिरून, आले-लसूण लावून कुकरला सात-आठ शिट्ट्या द्यायच्या. ज्याला धुण्याची ही पद्धत माहीत नाही तो एकदा करून पाहतो, वासाने हैराण होतो आणि पुन्हा कधी करत नाही. एका वाक्याच्या माहितीअभावी एक पदार्थ घरातून जातो. २०१५च्या कायद्याने महाराष्ट्रात बैल-वळूच्या कत्तलीवरही बंदी आली. गाईवर ती १९७६ पासून होतीच. म्हैसवर्ग या बंदीबाहेर आहे. पण कायद्याने ताटातून जे जाते, त्याची कृतीही मागोमाग डोक्यातून जाते, हे ध्यानात ठेवलेले बरे.

आणि भाकरी! लोकप्रिय पुस्तकांत पुरणपोळीला पानभर जागा असते आणि भाकरीला चार ओळी. ती 'येतेच' असे लिहिणाऱ्याने धरलेले असते, किंवा ती करणारी बाई घरी कामाला येते असे धरलेले असते. रूमवर राहणाऱ्या पोराला ती येत नाही. त्याला सांगावे लागते की जोंधळ्याच्या पिठाला गव्हासारखा चिकटपणा नसतो, म्हणून उकळते पाणी घ्यायचे. एक वाटी पिठाला पाऊण वाटीच्या आसपास. पीठ जुने असेल तर त्याची विरी गेलेली असते, तेव्हा थंड पाण्याने कितीही मळले तरी भाकरी थापताना चिरा पडणारच, त्यात त्याचा दोष नाही. एका भाकरीपुरतेच पीठ घेऊन तळहाताच्या टाचेने रगडायचे. तव्यावर टाकल्यावर कोरड्या पिठाची बाजू वर ठेवायची, तिच्यावर पाण्याचा हात फिरवायचा, आणि ते पाणी सुकत आले की उलटायची. पार कोरडी होऊ दिली की तडकते. दुसरी बाजू भाजली की तवा बाजूला करून जाळावर धरायची. पहिल्या दहा भाकऱ्या नकाशासारख्या होतील, त्या कालवणात कुस्करून खायच्या. हे सगळे कोणीतरी लिहून ठेवायला नको का? कडकडीत भुकेच्या वेळी या ज्ञानाची किंमत कळते.

मघाशी यूट्यूब म्हणालो. आज खेड्यातल्या बायका चुलीपुढे बसून स्वयंपाक करताना दाखवतात आणि लाखो लोक पाहतात, ही चांगली गोष्ट आहे. परंतु तिथे सगळ्याला एकच नाव मिळते, 'गावरान'. गावरान म्हणजे कोणत्या गावातले? गावातल्या कोणत्या आळीतले? गावकुसाच्या आतले की बाहेरचे? वाड्यावरचे आणि वस्तीवरचे जेवण एका 'गावरान'मध्ये कालवले की खवय्यांची सोय होते, कारण मग कोणाचे खाल्ले हे विचारावे लागत नाही. २०२३ हे वर्ष भरडधान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून साजरे झाले. ज्वारी-बाजरी-नाचणीला सरकारने 'श्री अन्न' म्हटले. १९७२च्या दुष्काळात मिलोची लाल भाकरी आणि रोजगार हमीच्या कामावरची सुकडी खाऊन ज्यांनी दिवस काढले, त्यांना जोंधळ्याच्या नावामागे 'श्री' लागलेला पाहून काय वाटले असेल? हॉटेलात ठेचा-भाकरीचे ताट दोन-तीनशे रुपयांना मिळते. ज्यांच्या घरी ते रोज होते, त्यांच्या डब्याला अजून काही ठिकाणी नाके मुरडली जातात.

कारण पाककृती जातीबाहेर जाते, हात जात नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये शाळांत शिजवलेले अन्न देण्याचा आदेश दिला आणि २००४च्या एप्रिलमध्ये स्पष्ट सांगितले की, स्वयंपाकी आणि मदतनीस नेमताना दलित, अनुसूचित जाती-जमातींना प्राधान्य द्यावे. न्यायालयाला हे सांगावे का लागले, याचे उत्तर ज्या शाळांतून मुलांनी आपल्या बाईच्या हातची खिचडी नाकारली तिथे मिळते. २०१७च्या सप्टेंबरात तर पुण्यात एका उच्चशिक्षित बाईंनी पोलिसांत तक्रार दिली की, स्वयंपाकाला ठेवलेल्या बाईने जात लपवून सोवळ्याचा स्वयंपाक केला. पुढे ती तक्रार मागे घेतली गेली. चवीत काही फरक पडला होता का? पडला असता तर जात विचारावी लागली नसती.

ज्यांना वाटेल की अडाणी बाईला पुस्तक कसे लिहिता येईल, त्यांच्यासाठी एक उदाहरण देतो. आपल्या पँथरने ज्यांच्या लढ्यातून नाव घेतले, त्या अमेरिकेतल्या काळ्या लोकांचे हे उदाहरण आहे. ॲबी फिशर ही गुलामगिरीत जन्मलेली बाई. पुढे सॅन फ्रान्सिस्कोत लोणची-मुरंबे करून तिने नाव कमावले. तिला लिहिता-वाचता येत नव्हते. तिने कृती तोंडी सांगितल्या, दुसऱ्यांनी लिहून घेतल्या, आणि १८८१ साली तिच्या नावाने पुस्तक निघाले. मुखपृष्ठावर नाव तिचे, लिहून घेणाऱ्यांचे नाही. आणि १९७० साली, म्हणजे इकडे 'रुचिरा' आले त्याच वर्षी, तिकडे व्हर्टामे स्मार्ट-ग्रॉव्हनर या काळ्या लेखिकेने असे पुस्तक लिहिले की त्यात माप देणेच नाकारले. आमचा स्वयंपाक अंदाजाचा आहे आणि तो तसाच राहील, असा तिचा बाणा. तो बाणा मला आवडतो, पण आपल्या रूमवरच्या पोराच्या तो कामाचा नाही. माप पाहिजे. आजीने मूठभर म्हटले की तिची मूठ वाटीत रिकामी करून पाहायची, आणि वाटीचा आकडा लिहायचा.

हे काम कोणी करायचे? तेच पोर करू शकते. सुट्टीत गावी गेल्यावर आजीजवळ बसायचे, ती करते तसे करून पाहायचे आणि वहीत लिहायचे. पदार्थाचे नाव गावात जे आहे तेच लिहायचे. 'कोरड्यास' असेल तर कोरड्यास, त्याचे 'करी' करायचे नाही. करणारीचे नाव, गाव, तालुका लिहायचा, कारण लातूरचे माडगे आणि साताऱ्याचे माडगे एक नसते, आणि कोकणातल्या आपल्या घरांत सुकट-बोंबलाचे जे होते ते विदर्भात कोणाला माहीत नसते. वैशाखी पौर्णिमेची खीरसुद्धा घरोघरी वेगळी असते. सुजाताची खीर म्हणून ती आपण सगळेच करतो, पण तांदूळ किती आणि दूध किती हे विचारले तर दहा घरांत दहा उत्तरे येतात. दहाही लिहावीत.

एक अट मात्र घालावीशी वाटते. या पुस्तकात 'सुगृहिणींसाठी' हा शब्द नको. जुन्या पुस्तकांनी नवऱ्याचे मन पोटातून जिंकण्याचा जो धडा नव्या सुनेला दिला, तो आपल्या पुस्तकात आला तर सगळी मेहनत फुकट. चळवळीत जलशाला, सभेला, मोर्चाला गेलेल्या बाप्यांसाठी मागे चूल कोणी पेटती ठेवली, याचा हिशेब अजून झालेला नाही. पहिले पान मुलाला उद्देशून असावे.

दीक्षाभूमीला आणि सहा डिसेंबरला चैत्यभूमीला पुस्तकांचे स्टॉल लागतात. लोक पोटाला चिमटा काढून ग्रंथ विकत घेतात, असे दृश्य दुसऱ्या कुठल्या जत्रेत दिसत नाही. तिथे हे पुस्तक असावे. साठ-सत्तर पानांचे, अक्षर मोठे, किंमत एका वडापाव-चहाच्या आसपास. कागद जरा जाड घ्यावा, पिठाचे हात लागणार आहेत.